गुरुद्वारात ग्रंथावर चवरी, रेशमी रुमाले, रात्री निजवणं... मग ही मूर्तिपूजा का नाही?

माणकेश्वर
इथे नांदेड आणि अमृतसरची प्रवासवर्णनं बरीच आहेत, पण त्यांत एक प्रश्न दर वेळी निघतो आणि अर्धवट राहतो. शीख मूर्तिपूजा मानत नाहीत हे आपण शाळेपासून वाचतो. गुरुद्वारात पाहावं तर ग्रंथावर छत, खाली गाद्या, वर भरजरी रुमाले, मागे उभं राहून चवरी ढाळणारा सेवादार. पहाटे ग्रंथाला उठवून आणतात, रात्री निजवतात, येणारा प्रत्येकजण कपाळ टेकतो. काकडआरतीपासून शेजारतीपर्यंत आपल्याकडे जे चालतं, त्याच्यापेक्षा यात वेगळं काय आहे? माहितगारांनी तपशिलात लिहावं. 'समतेचा संदेश देणारा थोर धर्म' एवढ्यावर कृपया थांबू नका. पहिल्यांदा जाणाऱ्यानं आत काय आणि कसं करायचं, तेही येऊ द्या.

हजूरवाट
सगळी गल्लत 'देव' आणि 'गुरू' या दोन शब्दांत आहे. ग्रंथ हा देव नाही, गुरू आहे.

देवाबद्दलची भूमिका पहिल्याच पानावरच्या मूलमंत्रात आहे: एक ओंकार, सति नामु, करता पुरखु, निरभउ, निरवैरु, अकाल मूरति, अजूनी, सैभं, गुर प्रसादि. यातला 'अजूनी' नीट पाहा. तो कुठल्याही योनीत येत नाही, म्हणजे जन्मच घेत नाही. अवतार नाही, म्हणून रूप नाही आणि रूप नाही म्हणून मूर्तीही नाही. 'सैभं' म्हणजे स्वयंभू. आपण मूर्तीला स्वयंभू म्हणतो, इथे तो शब्द मूर्तीची शक्यताच काढून टाकतो.

आता गुरू. नानकांचा जन्म १४६९चा. त्यांच्यापासून गोविंदसिंगांपर्यंत दहा देहधारी गुरू झाले. १७०८ साली नांदेडला, गोदावरीकाठी, गोविंदसिंगांनी देहधारी गुरूंची परंपरा थांबवली आणि गुरुपद ग्रंथाला दिलं. तेव्हापासून 'गुरू ग्रंथ साहिब'. छत, चवरी, उंच आसन ही राजाची चिन्हं आहेत. आपल्याकडे छत्रचामर म्हणतात तीच. म्हणूनच त्या दालनाला 'दरबार' म्हणतात, गाभारा नाही.

कोराकागद
@हजूरवाट, शब्द बदलला म्हणून कृती बदलत नाही. निजवणं हे निजवणंच. मला हा शब्दच्छल वाटतो.

पानउलट
कोराकागद, दिवसभरात प्रत्यक्ष काय होतं ते पाहू, मग ठरवा.

पहाटे 'प्रकाश' होतो, म्हणजे ग्रंथ उघडला जातो. ग्रंथी, म्हणजे ग्रंथाची सेवा आणि वाचन करणारा, अनवाणी, ग्रंथ डोक्यावर घेऊन येतो. मंजी साहिबवर, म्हणजे छोट्या पलंगासारख्या आसनावर, उशांच्या आधारानं ठेवतो, रुमाले बाजूला करतो आणि ग्रंथ उघडून 'हुकम' घेतो. रात्री सोहिला ही निजण्याआधीची प्रार्थना म्हणून झाल्यावर ग्रंथ मिटून, रुमाल्यात गुंडाळून वेगळ्या खोलीत नेतात. ते 'सुखासन'. अमृतसरला रात्री पालखी हरिमंदिरातून अकाल तख्तात जाते आणि पहाटे परत येते.

यात नैवेद्य नाही, स्नान नाही. होतं ते वाचन. हुकम कसा घेतात ते सांगतो, कारण सगळं उत्तर तिथे आहे. ग्रंथ सहज हाताला येईल तिथे उघडायचा. डाव्या पानावर सगळ्यात वर जो शबद, म्हणजे पद, आहे तो वाचायचा. तो आदल्या पानावर सुरू झाला असेल तर पान मागे उलटून आरंभापासून वाचायचा. अधलीमधली ओळ उचलायला परवानगी नाही. तिथे 'वार', म्हणजे दीर्घ काव्य, चालू असेल तर त्या पउडीसोबतचे (कडव्यासोबतचे) सगळे सलोक, म्हणजे श्लोक, धरून पूर्ण पउडी वाचायची. जे आलं ते त्या दिवशीचं गुरूचं सांगणं. पटो न पटो, पुन्हा उघडून दुसरं काढत नाहीत. बाळाचं नावही यावरच ठरतं: हुकमाचं पहिलं अक्षर घेऊन.

उघडा ठेवून कुणी वाचतच नाही असा ग्रंथ, ही शीख दृष्टीनं पूजा नव्हे, हेळसांड आहे. आणि कागद जीर्ण झाला की त्या प्रतीचा अग्निसंस्कार करतात. गोइंदवालला त्याची खास सोय आहे. मान शब्दाला आहे, कागद त्याचं शरीर.

रुक्मिणीकांत
मग अखंड पाठ म्हणजे आपलं पारायणच ना?

पानउलट
जवळचं आहे, तरी नियम वेगळे. ग्रंथाची १४३० पानं, त्यांना 'अंग' म्हणतात. अखंड पाठ ४८ तासांत पुरा करायचा, म्हणजे साधारण दोन मिनिटांना एक अंग. पाठी आळीपाळीनं बसतात. चुका होतात त्या बदलीच्या वेळी: येणाऱ्यानं शेजारी बसून ओळ डोळ्यांनी पकडायची आणि तीच ओळ दोघांनी मिळून म्हणत आवाज हातात घ्यायचा, मग पहिल्यानं उठायचं. मध्ये श्वासाएवढा खंड पडला तरी अखंडपणा गेला. दुसरा दोष घाईचा. वेळ गाठायला पाठी भरभर वाचू लागला की ऐकणाऱ्याला शब्द कळत नाहीत, आणि ऐकणं हाच तर हेतू.

म्हणून घरी करायचा तर सहज पाठ बरा. जमेल तसं रोज थोडं वाचायचं, महिना लागो की वर्ष.

तिन्हीसांजा
एक भर. अखंड पाठाशेजारी घट, तुपाचा दिवा, नारळ ठेवायला रहित मर्यादेत स्पष्ट मनाई आहे. रहित मर्यादा म्हणजे शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक समितीनं १९४५ साली मंजूर केलेली आचारसंहिता. नांदेडला आपले लोक भक्तिभावानं नारळ-हार घेऊन जातात. कुणी रागावत नाही, पण त्याची गरज नाही. माथा टेकताना पैसे टाकलेच पाहिजेत असंही नाही.

पाकघर
मुख्य विषय राहिला! कडाह प्रसाद.

कणीक, साखर आणि तूप तिन्ही सारखं. म्हणजे सत्यनारायणाचा प्रसाद आणि कडाह प्रसाद मावसभाऊ. फरक असा की इथे रवा नाही, जाडसर दळलेली गव्हाची कणीक. वेलची, केशर, काजू, केळं काही नाही.

सारखं म्हणजे वजनानं सारखं. वाटीनं मोजलं की गडबड होते, कारण कणीक हलकी आणि साखर जड. वाटी-वाटी घेतलं तर गोड मिट्ट होतं. २५० ग्रॅम कणीक, २५० साखर, २५० तूप आणि पाणी पाऊण लिटर धरा. एका शेगडीवर पाण्यात साखर विरघळवून उकळत ठेवायची. दुसरीकडे लोखंडी कढईत तूप वितळलं की कणीक घालून मंद आचेवर परतायची. आधी गोळा होतो, मग सैल पडतो, मग कडेनं तूप सुटायला लागतं आणि रंग बदामी होतो. याला बारा-पंधरा मिनिटं लागतात, घाई नको. मग उकळतं पाणी बेतानं ओतायचं. जोरात उसळतं, म्हणून लांब दांड्याचं उलथनं हवं. कढई सोडून गोळा फिरायला लागला की झालं.

बिघडतं कुठे: पाणी गार असलं तर गाठी. कणीक कमी भाजली तर पिठूळ, टाळूला चिकटतो. पीठ मैद्यासारखं बारीक असलं तर चिवट. आणि चव घेऊन बघायची नाही. करताना जपजी ही नानकांची वाणी किंवा वाहेगुरूचा, म्हणजे देवाच्या नावाचा, जप चालू असतो.

तयार झाला की स्वच्छ कापडानं झाकून दरबारात नेतात. मग आनंद साहिब या वाणीच्या सहा पउड्या, अरदास (उभ्यानं करायची प्रार्थना), हुकम. अरदाशीत कृपाणानं स्पर्श करतात. आधी पंज प्यारांचे, म्हणजे खालशाच्या पहिल्या पाच जणांच्या नावानं, पाच वाटे काढून मग सगळ्यांना. वाटणाऱ्यानं ओळखपाळख बघून कमीजास्त द्यायचा नाही, हेही लिखित आहे.

रुक्मिणीकांत
पाकघरकाका, कणीक परतल्याचा वास आला वाचताना.

सांडगे
घेताना एक लक्षात ठेवा. आपण तीर्थप्रसाद उजव्या हातात घेतो, इथे दोन्ही हातांची ओंजळ आणि शक्यतो बसून. जास्त वाटत असेल तर आधीच 'थोडा' म्हणा. घेतल्यावर ठेवून देऊ नका. तूप भरपूर असतं, रुमाल जवळ असू द्या.

लंगरबद्दल थोडक्यात. जोडे जोडाघरात, पाय धुऊन, डोकं झाकून आत. पंगत जमिनीवर. हा शब्द आपलाच आहे, तेव्हा समजवायला नको. पोळीला 'परशादा' म्हणतात. सेवादार 'परशादा जी' म्हणत येतो तेव्हा ताट पुढे करायचं नाही, दोन्ही हात पुढे करायचे, तो हातावर ठेवतो. एका हातानं ओढून घेणं वाईट दिसतं. ताटात टाकू नये, ताट आपणच उचलून धुण्याच्या जागी द्यावं. पुढे सेवा करायची इच्छा असली तर भांडी घासायला किंवा लसूण सोलायला बसा, कुणी नाव विचारत नाही.

अमरदासांनी (तिसरे गुरू, गुरुपद १५५२ ते १५७४) आधी पंगत मग संगत असा दंडक घातला. भेटायला आलेल्यानं आधी सगळ्यांबरोबर जमिनीवर बसून जेवायचं. ज्या काळात कोण कुणाच्या हातचं खातो यावर जात ठरायची, त्या काळात हा नियम किती धारदार होता याचा विचार करा. लंगर शाकाहारी असण्याचं कारणही हेच, की कुणालाही बसता यावं. शीख सगळे शाकाहारी असतात असा त्याचा अर्थ नाही. त्यावर पंथात वाद आहेत.

तिन्हीसांजा
आणि खिशात तंबाखू, गुटखा, सिगारेट घेऊन आत जाऊ नका. बाहेर टाकून जा. आपल्याकडच्या लोकांची ही सगळ्यात जास्त होणारी चूक. अमृतधारी, म्हणजे दीक्षा घेतलेल्या, शिखाला जी चार मोठी बंधनं आहेत त्यांत तंबाखू आहे. बाकीची तीन: केस न कापणं, कुठ्ठा म्हणजे हलाल पद्धतीचं मांस न खाणं आणि परस्त्री-परपुरुष संबंध न ठेवणं.

मधलीसुट्टी
विषयांतर होतंय, पण नांदेडहून आठवण म्हणून कडं आणतात ते घातलेलं चालतं का?

हजूरवाट
घाला, कुणी हरकत घेत नाही. फक्त ते ग्रहशांतीचं कडं नव्हे हे लक्षात असू द्या. लोखंडाचं किंवा पोलादाचं असतं, सोन्याचं केलं की अर्थच जातो. केश, कंगा, कडं, कछेरा, कृपाण हे पाच ककार अमृत घेतलेल्यासाठी बंधनकारक आहेत.

अमृताचा, म्हणजे दीक्षेचा, विधी असा. लोखंडी बाट्यात (वाडग्यात) पाणी, त्यात बत्तासे. पाचजण वीरासनात बाट्याभोवती बसतात आणि दुधारी खंड्यानं ढवळत पाच बाण्या म्हणतात: जपजी, जाप, दहा सवैये, चौपई, आनंद साहिब. मग घेणाऱ्याला पाच ओंजळी प्यायला, पाच वेळा डोळ्यांवर शिंपण, पाच वेळा केसांवर. उरलेलं सगळ्यांनी त्याच एका बाट्यातून प्यायचं. उष्टं-सोवळं तिथेच संपतं.

हे प्रथम झालं १६९९च्या वैशाखीला, आनंदपूरला. पहिले पाच होते लाहोरचे दयासिंग, हस्तिनापूरचे धर्मसिंग, जगन्नाथपुरीचे हिंमतसिंग, द्वारकेचे मोहकमसिंग आणि बिदरचे साहिबसिंग. खत्री, जाट, पाणक्या, छिंबा (कापडावर छपाई करणारा), न्हावी. बिदर नांदेडपासून किती जवळ ते बघा. मग गुरूंनी त्याच पाचांपुढे हात जोडून स्वतः अमृत घेतलं. गुरू शिष्याचा शिष्य झाला. धर्मेतिहासात असं फार कमी वेळा घडलं असेल.

कोराकागद
पण मग नांदेडला संध्याकाळी दिव्यांची आरती होते ती कशी? तुम्ही म्हणता दिवा-घट नाही. विसंगती आहे की नाही?

तिन्हीसांजा
प्रश्न रास्त आहे. मर्यादा सगळीकडे एकच नाही. १९४५ची रहित मर्यादा दिवे आणि घंटेची आरती मानत नाही. त्यांचा आधार नानकांचंच पद, 'गगन मै थालु': आकाश हे ताट, सूर्यचंद्र हे दिवे, आरती आधीच चालू आहे. हजूर साहिब (नांदेडचा गुरुद्वारा) आणि पाटणा साहिब इथल्या प्रथा मात्र जुन्या, समितीच्या कक्षेबाहेरच्या. नांदेडला गोविंदसिंगांचा दशम ग्रंथही प्रकाशात असतो, अमृतसरला नसतो. अंगीठा साहिब म्हणजे जिथे गुरूंवर अंत्यसंस्कार झाले ती जागा, तिथे शस्त्रं आहेत. आज उभी असलेली वास्तू महाराजा रणजितसिंगांनी १८३२ ते १८३७ मध्ये बांधवली. पाच तख्तांपैकी, म्हणजे पंथाच्या सर्वोच्च अधिकारपीठांपैकी, हे एक, त्यामुळे इथली प्रथा 'चूक' म्हणून कुणी उडवून लावत नाही, पण वाद आहेतच. नांदेड बघून सगळा शीख आचार कळला असं समजू नये, आणि अमृतसर बघूनही नाही.

अभंगवाट
इतक्या प्रतिसादांत नामदेवांचं नाव नाही?

१६०४ साली पाचव्या गुरूंनी, अर्जनदेवांनी, आदिग्रंथ सिद्ध केला. भाई गुरदास लेखक होते. त्यात पाच गुरूंसोबत (नवव्या गुरूंची वाणी नंतर आली) पंधरा भगतांची, म्हणजे संतांची, वाणी आहे: कबीर, रविदास, शेख फरीद, त्रिलोचन, जयदेव... आणि आपले नामदेव, ६१ पदं, १८ रागांत. विणकर, चांभार, सुफी, शिंपी एकाच जिल्दीत, आणि ज्या आसनासमोर सगळे माथा टेकतात त्याच आसनावर.

आसा रागातलं एक पद घ्या:

आनीले कुंभ भराईले ऊदक ठाकुर कउ इसनानु करउ ॥
बइआलीस लख जी जल महि होते बीठलु भैला काइ करउ ॥

'आनीले', 'भराईले'. मराठी कान लगेच टवकारतो. घडा आणला, पाण्यानं भरला, ठाकुराला न्हाऊ घालावं म्हटलं. पण पाण्यात बेचाळीस लाख जीव, तिथे विठ्ठल आधीच आहे, मग मी काय करू? पुढे फुलांची माळ. तिचा वास भुंग्यानं आधीच घेतलाय. मग 'रीधाईले खीरं', रांधलेली खीर. दूध तर वासरानं आधीच 'बिटारिओ'. विटाळलं! हा शब्द पंजाबातल्या ग्रंथात वाचताना अंगावर काटा येतो. स्नान, फूल, नैवेद्य, षोडशोपचारातल्या एकेका उपचाराला हात घालून नामदेव म्हणतात, जिथे जावं तिथे विठ्ठल आहेच.

कोराकागद, तुमच्या प्रश्नाचं उत्तर या पदात आहे असं मला वाटतं. ज्याच्यावर चवरी ढाळतात त्यातच हे लिहिलेलं आहे. दुसऱ्या कुठल्या पूज्य वस्तूला पूजेबद्दल असा प्रश्न विचारता येत नाही.

जुनाझरा
अभंगवाटताई, एक पुस्ती. गाथेतले नामदेव आणि ग्रंथातले नामदेव एकच का, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. शीख परंपरा आणि वारकरी परंपरा दोन्ही एकच मानतात. गुरदासपूर जिल्ह्यातल्या घुमानला त्यांचं स्थान आहे आणि २०१५चं ८८वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन तिथेच भरलं. पण 'म्हणजे शीख धर्म वारकरी पंथातून निघाला' असं कृपया म्हणू नका. नामदेव आणि नानक यांच्यात शतकाहून अधिक अंतर आहे. ग्रंथानं नामदेवांना आपल्या शेजारी बसवलं, हा मान पुरेसा आहे.

अभंगवाट
पूर्ण मान्य. घाईत तसं ध्वनित झालं असेल तर माझा प्रतिसाद तुमच्या पुस्तीसकट वाचावा.

कोराकागद
'शब्दच्छल' हा शब्द मागे घेतो. हुकमाची रीत आणि हे पद, दोन्ही मला माहीत नव्हतं. कपाळ टेकण्याबद्दल अजून थोडी शंका आहे, पण आता ती वेगळी शंका आहे.

माणकेश्वर
सगळ्यांचे मनापासून आभार. मूळ प्रश्नाला उत्तर मिळालं. शेवटचं एक: गुरुमुखी येत नाही, पण नामदेवांची पदं मूळ ग्रंथात शोधायची आहेत. कशी शोधू?

पानउलट
सोपं आहे. छापील प्रमाण प्रत नेहमी १४३० अंगांचीच असते आणि पानं सगळीकडे सारखीच तुटतात. नांदेडचं अंग ४८५ आणि कॅनडातलं अंग ४८५ एकच. देवनागरीत लिप्यंतर केलेल्या प्रतीही मिळतात, त्याही बहुधा अंग-क्रमांक देतात.

ग्रंथाची मांडणी विषयावर नाही, रागावर आहे: ३१ राग. प्रत्येक रागात आधी गुरूंची वाणी, मग भगतांची. सगळे गुरू शेवटी 'नानक' हीच मुद्रा लावतात, म्हणून कुणाचं पद ते मथळ्यावरून ओळखायचं: महला १ म्हणजे नानक, महला ५ म्हणजे अर्जनदेव. भगतांचं नाव मथळ्यात सरळ असतं. 'रहाउ' असं लिहिलेली ओळ म्हणजे ध्रुवपद. अर्थ लावायला तिथून सुरुवात करा, पहिल्या ओळीपासून नव्हे.

अभंगवाटताईंनी दिलेलं पद अंग ४८५वर आहे. त्याच अंगावर 'मनु मेरो गजु जिहबा मेरी काती' हेही मिळेल: मन हा मोजायचा गज, जीभ ही कात्री, शिंप्याच्या हत्यारांतून काढलेलं. रामकलीतलं पतंगाचं पद अंग ९७२. देऊळ फिरल्याचं पद भैरउ रागात, अंग ११६४.

माणकेश्वर
४८५, ९७२, ११६४. लिहून घेतलं. पतंगाच्या पदापासून सुरुवात करतो.